पुन्हा सुजलेल्या घोट्याचा क्रमांक

घोटा सुजतो, चार-आठ दिवस तसाच राहतो आणि आपोआप उतरतो. महिन्या-दोन महिन्यांनी पुन्हा सुजतो. कधी तोच, कधी दुसऱ्या पायाचा. बुलढाणा जिल्ह्यात घाटावर काय किंवा घाटाखाली काय, ही तक्रार घेऊन आलेल्या माणसाला डॉक्टर तपासतात, गोळ्या देतात आणि केसपेपरवर एक ओळ लिहितात : घोट्याला सूज. ओपीडीच्या रजिस्टरातही तीच ओळ उतरते. माणूस पुढच्या खेपेला येतो तेव्हा केसपेपर नवा असतो, पुष्कळदा डॉक्टरही नवे असतात आणि ओळ मात्र तीच लिहिली जाते. सूज परत आली, ही या आजारातली सर्वांत महत्त्वाची गोष्ट. नेमकी तीच कागदावर कुठे येत नाही.

या ओळीशेजारी आता पुष्कळ ठिकाणी एक क्रमांक लिहावा लागतो. मोठ्या रुग्णालयाच्या नोंदीत, डिस्चार्ज कार्डावर, विम्याच्या अर्जात तो असतो. एक इंग्रजी अक्षर आणि त्यापुढे काही आकडे. रुग्णाला त्याचा अर्थ कुणी सांगत नाही. पण विम्याचे पैसे मिळणं, सरकारी आकडेवारीत त्या आजाराची मोजदाद होणं, पुढच्या डॉक्टरला मागचं कळणं, हे सगळं त्या चार-पाच अक्षरांवर अवलंबून असतं. म्हणून तो क्रमांक कसा ठरतो हे सामान्य माणसालाही ठाऊक असावं असं मला वाटतं.

या क्रमांकांमागे आजारांचं एक जागतिक वर्गीकरण आहे. त्याची सुरुवात मृत्यूच्या नोंदींतून झाली. पॅरिस शहराच्या सांख्यिकी खात्याचे प्रमुख झाक बर्तियों यांनी 1893 साली मृत्यूच्या कारणांची एक आंतरराष्ट्रीय यादी मांडली. माणसं कशानं मरतात हे सगळ्या देशांनी एकाच पद्धतीनं मोजावं, एवढाच तिचा उद्देश होता. सुजलेल्या घोट्यानं कुणी मरत नाही, त्यामुळे अशा दुखण्यांना त्या यादीत फारसं स्थान नव्हतं. 1948 साली जागतिक आरोग्य संघटनेनं ही यादी आपल्याकडे घेतली आणि सहाव्या आवृत्तीत पहिल्यांदा, माणूस ज्या आजारांसह जगतो त्यांचाही पूर्ण समावेश केला. आज आपल्याकडे प्रामुख्यानं वापरात आहे ती दहावी आवृत्ती, आयसीडी-10. ती 1990 मध्ये मंजूर झाली आणि 1994 पासून देशोदेशी लागू होत गेली.

या आवृत्तीत हाडं, सांधे आणि स्नायूंच्या आजारांचं प्रकरण ‘एम’ अक्षराखाली येतं. एम 25 म्हणजे सांध्यांचे इतरत्र न बसणारे विकार. त्यातला एम 25.4 म्हणजे सांध्यात पाणी साचणं. शेवटी आणखी एक आकडा जोडला की शरीरातली जागा कळते : 1 खांदा, 4 हात, 6 गुडघ्याचा भाग, 7 घोटा आणि पाऊल. म्हणजे एम 25.47 असं लिहिलं की ‘घोट्याच्या किंवा पावलाच्या सांध्यात पाणी’ एवढं जगभर कुणालाही कळतं. अमेरिकेनं 1 ऑक्टोबर 2015 पासून स्वतःची जी विस्तारित आवृत्ती लागू केली, तिच्यात आणखी एक आकडा वाढतो : एम 25.471 उजवा घोटा, 472 डावा घोटा, 474 उजवं पाऊल, 475 डावं पाऊल. पुणे, हैदराबाद, चेन्नईच्या कंपन्यांत बसून अमेरिकी दवाखान्यांचे कागद वाचून क्रमांक देणारी हजारो मुलंमुली ही दुसरी आवृत्ती शिकतात. विदर्भातून शिकून तिकडे गेलेली मुलंही त्यांत आहेत. डावा-उजवा चुकला तर तिथे बिल परत येऊ शकतं.

एम 25.47 हे मात्र निदान नव्हे. सातबाऱ्यावरच्या गट नंबरावरून शेत कुठे आहे ते कळतं, त्यात पाणी का तुंबतं ते कळत नाही. तसंच हे आहे. सांध्यात पाणी आहे एवढंच हा क्रमांक सांगतो. ते का आहे, याबद्दल तो गप्प असतो. पहिल्या भेटीत डॉक्टरलाही कारण कळलेलं नसेल तर हा क्रमांक लिहिणंच प्रामाणिकपणाचं आहे. अडचण पुढे होते. तीच सूज चौथ्यांदा आली आणि तरीही तोच क्रमांक पडला, तर कुठेतरी कुणीतरी मागचं पान उलटून पाहिलेलं नाही.

क्रमांकाच्याही आधी एक प्रश्न येतो आणि आपल्या जिल्ह्यात तो फार मोलाचा आहे : सुजलं आहे ते काय, सांधा की पाय? सांध्याची सूज सांध्याभोवती गोल असते, तिथे ऊब लागते, पाऊल हलवताना कळ येते. पायाला पाणी उतरलेलं असतं तेव्हा बहुधा दोन्ही पाय सुजतात, घोट्याच्या वर नडगीवर बोट दाबलं की खड्डा पडतो आणि काही वेळ राहतो. दुसऱ्या प्रकाराचा क्रमांकच वेगळा, ‘आर 60’. आणि त्यामागची कारणंही वेगळी : हृदय, यकृत, मूत्रपिंड, कुपोषण, रक्तक्षय. पूर्णेच्या खोऱ्यातला खारपाणपट्टा अकोला, अमरावतीतून घाटाखालच्या बुलढाण्यात येतो. संग्रामपूर, जळगाव जामोद, शेगाव भागातल्या गावांत जमिनीखालचं पाणी खारं आहे आणि तिथले लोक कित्येक वर्षांपासून मूत्रपिंडाच्या आजारांची तक्रार करत आले आहेत. अशा गावातल्या माणसाचे दोन्ही पाय सुजले आणि केसपेपरवर ‘संधिवात’ लिहून त्याला दुखण्याच्या गोळ्या दिल्या, तर तो गंभीर धोका आहे. त्या गोळ्यांतल्या कित्येक मूत्रपिंडावर ताण आणतात. म्हणून नडगीवर बोट दाबून पाहणं आणि लघवीची साधी तपासणी करणं, ही दोन कामं आधी व्हायला हवीत. आणि जे आढळलं ते लिहायलाही हवं. अमेरिकी पद्धतीच्या शब्दसूचीत ‘सूज’खाली ‘घोटा’ शोधला की ती थेट सांध्यातल्या पाण्याकडे पाठवते. क्रमांक लावणारा माणूस शंभर किलोमीटरवर बसलेला असतो, त्याला खड्डा पडलेला दिसत नाही. केसपेपरवर लिहिलेलं तेवढंच त्याला दिसतं.

आता सूज सांध्याचीच आहे आणि ती परत परत येते असं धरू. वर्गीकरणात या ‘परत परत’साठी स्वतंत्र जागा आहेत. एम 12.4 म्हणजे ठरावीक काळानं सांध्यात पाणी साचणं आणि आपोआप ओसरणं. हा विकार दुर्मीळ. बहुतेकदा गुडघ्यात दिसतो, क्वचित घोट्यात. सूज तीन-पाच दिवस राहते, फारसं दुखत नाही, मधल्या काळात सांधा निरोगी असतो. काही रुग्णांत ती इतक्या नेमानं येते की पुढची तारीख आधी सांगता यावी. एम 12.3 चं दुखणं वेगळं : अचानक एखादा सांधा लाल होतो, ठणकतो, काही तासांत किंवा दोन-तीन दिवसांत पूर्ण बरा होतो आणि पुढच्या वेळी दुसराच सांधा धरतो. मेयो क्लिनिकच्या फिलिप हेंच आणि एडवर्ड रोझेनबर्ग यांनी 1940 च्या दशकाच्या सुरुवातीला याचं वर्णन केलं. याच हेंच यांना पुढे कॉर्टिझोनच्या कामासाठी 1950 चं नोबेल मिळालं. या रुग्णांपैकी काहींना पुढे कायमचा आमवात जडतो. त्यामुळे त्यांच्यावर वर्षानुवर्षं लक्ष ठेवावं लागतं.

हे दोन क्रमांक आणि एम 25.4 यांत फरक कशाचा? तपासणीच्या दिवशी तिघांचाही घोटा सारखाच दिसेल. फरक आहे तो हकिकतीत. किती वेळा आली, किती दिवस राहिली, मधे काय होतं, तोच सांधा की वेगळा. ही चार वाक्यं लिहिली गेली नाहीत तर जगातला कितीही हुशार कोडर एम 25.47 च्या पुढे जाऊ शकत नाही. आणि त्यानं जाऊही नये, कारण कागदावर नाही ते क्रमांकात आणणं हा त्याचा अधिकार नाही.

परत येणारी सूज आपल्या भागात खरोखर कशामुळे येते, तर वरच्या दुर्मीळ विकारांपेक्षा नेहमीच्या कारणांचाच विचार आधी करावा लागतो. त्यांत पहिलं युरिक ॲसिडचं दुखणं, गाऊट, एम 10. चाळिशी-पन्नाशीतला पुरुष, मध्यरात्री अंगठ्याच्या मुळाशी किंवा घोट्यात अशी कळ येते की पांघरुणाचा स्पर्शही सहन होत नाही. आठ-पंधरा दिवसांत सगळं शांत. माणूस म्हणतो, शेतात मुरगळला असेल. सहा महिन्यांनी पुन्हा तेच. या दुखण्याची खरी खूण रक्तात सापडेलच असं नाही, कारण झटक्याच्या ऐन वेळी रक्तातलं युरिक ॲसिड अनेकदा सामान्य येतं. सांध्यातलं पाणी सुईनं काढून ध्रुवीकृत प्रकाशाच्या सूक्ष्मदर्शकाखाली पाहिलं की सुयांसारखे स्फटिक चमकतात. ही पद्धत 1961 साली मॅकार्टी आणि हॉलंडर यांनी दाखवून दिली. वर्गीकरणात गाऊटचेही पोटभाग आहेत आणि त्यातला एम 10.3 म्हणजे मूत्रपिंड कमकुवत झाल्यामुळे होणारा गाऊट. खारपाणपट्ट्यात दवाखाना चालवणाऱ्या डॉक्टरनं हा क्रमांक लक्षात ठेवावा असं मला फार वाटतं. कारण तिथे घोटा आणि मूत्रपिंड या एकाच दुखण्याच्या दोन बाजू असू शकतात, आणि नुसतं ‘गाऊट’ लिहिलं की दुसरी बाजू झाकली जाते.

दुसरं कारण चिकुनगुनिया. 2006 साली या साथीनं महाराष्ट्राला झोडपलं तेव्हा राज्यात अडीच लाखांहून जास्त संशयित रुग्णांची नोंद झाली. 2024 मध्येही तिनं पुन्हा डोकं वर काढलं. नळाला आठ-आठ दिवस पाणी येत नाही अशा गावांत घरोघरी पिंप आणि टाक्या भरलेल्या असतात, आणि एडिस डासाला तेवढं पुरतं. ताप चार दिवसांत जातो. घोटे, मनगटं, बोटांचे सांधे मात्र काहींना महिनोन् महिने, काहींना वर्षं पुरतात. सकाळी उठल्यावर पाऊल टेकवत नाही, पाऊस पडला की सूज वाढते, मग कमी होते. ताप असताना या आजाराचा क्रमांक ए 92.0. पण वर्षभरानं घोटा सुजून आला तर तोच क्रमांक लावणं चूक. संसर्ग संपलेला असतो, उरलेला असतो तो त्याचा परिणाम. त्यासाठी बी 94.8 हा ‘मागे राहिलेल्या परिणामा’चा क्रमांक आणि त्यासोबत सांध्याचा क्रमांक, अशी जोडी लावायची असते. तशी ती लावली गेली असती तर साथ ओसरल्यानंतर किती माणसं लंगडत राहिली हे आपल्याला मोजता आलं असतं. साथीचे आकडे तापाच्या रुग्णांचे असतात. नंतरच्या दोन वर्षांचे घोटे त्यांत नसतात.

तिसरं कारण लहान मुलांचं आहे आणि त्याकडे दुर्लक्ष झालं की जिवावर बेतू शकतं. सातपुड्याच्या पायथ्याशी, जळगाव जामोद आणि संग्रामपूर तालुक्यांत आदिवासी वस्त्या आहेत. विदर्भात सिकलसेल हा रक्ताचा आजार आदिवासींमध्ये आणि इतरही काही समाजांत आढळतो. सहा महिन्यांपासून तीन-चार वर्षांपर्यंतच्या बाळाचे दोन्ही पाय, दोन्ही हात अचानक सुजतात, बाळ किंचाळून रडतं, पाय टेकू देत नाही. हातापायांच्या छोट्या हाडांतला रक्तपुरवठा विळ्याच्या आकाराच्या तांबड्या पेशी अडवतात म्हणून हे होतं. पुष्कळ मुलांत सिकलसेलचं हेच पहिलं लक्षण असतं. आठवड्याभरात सूज उतरते, घरच्यांना वाटतं किडा चावला असेल. केसपेपरवर ‘पायाला सूज’ असं लिहिलं गेलं तर मूल हातातून निसटतं. एक रक्ततपासणी झाली आणि डी 57 हा क्रमांक पडला तर त्याला पेनिसिलिन, लसी, फॉलिक ॲसिड आणि वेळेवर रक्त मिळण्याची वाट खुली होते. केंद्र सरकारनं 1 जुलै 2023 रोजी मध्य प्रदेशातल्या शहडोलहून सिकलसेल निर्मूलनाचं राष्ट्रीय अभियान सुरू केलं. चाळीस वर्षांपर्यंतच्या सात कोटी लोकांची तपासणी हे त्याचं उद्दिष्ट आहे. पायाची सूज घेऊन आलेलं बाळ हे या अभियानासाठी आपणहून दारात आलेलं मूल आहे.

मुलग्यांच्या बाबतीत आणखी एक विचार करावा लागतो. चालायला लागल्यापासून किरकोळ धडपडीनंतर गुडघा किंवा घोटा टम्म फुगत असेल, तर ते पाणी नसून रक्त असू शकतं. हिमोफिलिया, डी 66. अमरावतीच्या जिल्हा रुग्णालयात यासाठी डे केअर केंद्र आहे, मुंबईपर्यंत जावं लागत नाही.

क्षयरोगही सांध्यात बसतो. त्याचा क्रमांक दोन भागांत लिहितात : ए 18.0 हा मूळ रोगाचा आणि एम 01.1 हा सांध्यातल्या त्याच्या रूपाचा. आयसीडी-10 मध्ये अशा जोड्यांना कट्यार आणि चांदणीच्या खुणा असतात. कट्यार मूळ रोगाला, चांदणी तो जिथे दिसतो त्या जागेला. एकट्या चांदणीचा क्रमांक लिहायला परवानगी नाही. मला हा नियम फार आवडतो, कारण मूळ रोगाचं नाव घेतल्याशिवाय नुसत्या सांध्याबद्दल बोलू नका, अशी त्याची सक्तीच आहे.

पण डॉक्टरला शंका असेल आणि खात्री नसेल तर? इथे दोन पद्धती एकमेकींच्या उलट आहेत आणि त्यामुळे गोंधळ होतो. अमेरिकी नियम असा की बाह्यरुग्ण विभागात ‘संभाव्य’, ‘शक्यता’ असे शब्द लिहिलेल्या निदानाचा क्रमांक लावायचा नाही, लक्षणाचा लावायचा. जागतिक आरोग्य संघटनेचा नियम असा की उपचाराच्या शेवटीही मुख्य निदान ‘संशयित’च राहिलं आणि आणखी माहिती नसली, तर ते निश्चित असल्यासारखं धरून क्रमांक द्यायचा. त्यामुळे एकच केसपेपर एका पद्धतीनं गाऊट ठरतो आणि दुसऱ्या पद्धतीनं नुसती सूज. भारतात विम्याच्या दाव्याच्या अर्जात रुग्णालयाला मुख्य निदान, जोडीची निदानं आणि सहव्याधी असे आयसीडी-10 चे रकाने भरावे लागतात. क्रमांक आणि डिस्चार्ज कार्डातली भाषा जुळली नाही तर दावा अडकू शकतो. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत पैसे ठरतात ते उपचारांच्या पॅकेजवर. आणि परत येणारी सूज म्हणजे बहुधा ओपीडीतलं दुखणं, शस्त्रक्रिया नाही, भरती नाही. त्यामुळे या माणसाचा खर्च बराचसा खिशातूनच होतो.

डिसेंबर 2024 आणि जानेवारी 2025 मध्ये शेगाव तालुक्यात काय झालं ते सगळ्यांना आठवत असेल. बोंडगाव, कालवड, हिंगणा अशा गावांत माणसांचे केस अचानक गळू लागले, काही दिवसांत टक्कल पडलं. आरोग्य खातं आलं, आयसीएमआरचं पथक आलं, देशभर बातम्या झाल्या. डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी रुग्णांच्या नमुन्यांत सेलेनियम जास्त असल्याचं मांडलं आणि खाण्यातल्या गव्हाकडे बोट दाखवलं. सुरुवातीला त्या रुग्णांचं निदान ‘केसगळती’ हे नुसतं लक्षणच होतं. तरी शोध सुरू झाला, कारण सगळे एकाच सुमारास आणि जवळजवळच्या गावांत आजारी पडले होते. सांध्याच्या सुजेला ही संधी मिळत नाही. ती एकेकाच्या पायाला, वेगवेगळ्या महिन्यांत, वर्षानुवर्षं येते. तिचा पुंजका उघड्या डोळ्यांना दिसत नाही. एखाद्या तालुक्यात ती जास्त आहे का, मूत्रपिंडाच्या रुग्णांत जास्त आहे का, चिकुनगुनियाच्या वर्षानंतर वाढते का, हे कळण्याचा एकच मार्ग आहे : क्रमांक नेमके हवेत. सगळ्यांवर एम 25.47 किंवा आर 60 चा शिक्का असेल तर संगणकही काही वेगळं दाखवू शकणार नाही.

अकरावी आवृत्ती 2019 मध्ये मंजूर होऊन 1 जानेवारी 2022 पासून जागतिक पातळीवर लागू झाली. आपल्याकडच्या बहुतेक दवाखान्यांत ती यायची आहे. तिच्यात मूळ क्रमांकाला जोडण्या लावता येतात : डावा, उजवा, तीव्रता, कारण. एका साखळीत पुष्कळ काही सांगता येतं. आणखी एक बदल आपल्या दृष्टीनं मोठा आहे. 10 जानेवारी 2024 रोजी नवी दिल्लीत या आवृत्तीचा आयुर्वेद, सिद्ध आणि युनानी निदानांचा विभाग प्रसिद्ध झाला. त्याआधीपासून आयुष मंत्रालयाच्या ‘नमस्ते’ पोर्टलवर आमवात, वातरक्त यांसारख्या निदानांना प्रमाण क्रमांक दिलेले होतेच. गावातला पहिला डॉक्टर अनेकदा बीएएमएस असतो. त्यानं वातरक्त लिहिलं तर आजवर ते आकडेवारीत कुठेच जात नव्हतं. आता दोन्ही क्रमांक शेजारी लिहिता येतील. वातरक्ताच्या जुन्या वर्णनात आणि गाऊटमध्ये साम्य आहे, पण ते एकच आहेत असं धरून चालणं बरोबर नाही. दोन्ही निदानं शेजारी नोंदली गेली तरच ते साम्य किती खरं हे तपासता येईल.

बुलढाण्यात शासकीय वैद्यकीय महाविद्यालय आलं आहे. ऑक्टोबर 2024 मध्ये उद्घाटन झालेल्या राज्यातल्या दहा नव्या महाविद्यालयांपैकी ते एक. तिथे शिकणारी मुलं लवकरच याच ओपीडीत बसतील. हकिकत लिहिणं त्यांना पहिल्या वर्षापासून शिकवावं आणि क्रमांक लावण्याचं काम कारकुनी म्हणून दुसऱ्यावर ढकललं जाऊ नये, अशी माझी मनापासून इच्छा आहे.

रुग्णालाही यात पुष्कळ करता येतं. सूज बहुधा दवाखान्याचा दिवस उजाडेपर्यंत उतरते, म्हणून ती असतानाच दोन्ही पाय शेजारी ठेवून मोबाइलवर फोटो काढावा; तारीख आपोआप राहते. किती दिवस राहिली, ताप होता का, आदल्या दिवसांत जुलाब, लघवीची जळजळ, डोळे लाल होणं असं काही झालं होतं का, कोणत्या गोळ्या घेतल्या, घरात आणखी कुणाला असं होतं का, एवढं वहीच्या एका पानावर लिहिलं तरी पुरे. जुने केसपेपर फेकू नयेत. आणि दुखण्याची गोळी स्वतःच्या मनानं महिनोन् महिने घेऊ नये, खारपाणपट्ट्यात तर मुळीच नाही.

एका प्रसंगात मात्र वही, फोटो, क्रमांक यांतलं काहीही आधी नाही. एकच सांधा लालबुंद, गरम, पाऊल जमिनीला टेकवत नाही आणि सोबत थंडी-ताप असेल, तर सांध्यात पू झालेला असू शकतो. काही दिवसांतच हा पू सांधा कायमचा निकामी करू शकतो आणि संसर्ग रक्तात पसरू शकतो. मागच्या चार वेळा सूज आपोआप उतरली होती म्हणून यावेळीही वाट पाहू नये. त्याच दिवशी, रात्र असली तरी, उपजिल्हा किंवा जिल्हा रुग्णालय गाठावं आणि सांध्यातलं पाणी काढून तपासायला सांगावं.